मारामारीचं कारण लिहिणारा माणूस

शांघायमधल्या एका बागेच्या फाटकाशी एक चिनी तरुण येऊन उभा राहतो. फाटकावर पगडीवाला शीख पहारेकरी आहे. तो तरुणाला अडवतो आणि भिंतीवरच्या पाटीकडे बोट दाखवतो. कुत्र्यांना आणि चिनी लोकांना आत मज्जाव. तेवढ्यात एक गोरी बाई आपलं कुत्रं घेऊन खुशाल आत जाते. हे सगळं पाहत असलेला एक जपानी टवाळ पुढे होतो आणि म्हणतो, कुत्र्यासारखा रांगत ये, मग मी नेतो तुला आत. पुढच्या मिनिटाभरात तो आणि त्याचे साथीदार जमिनीवर लोळत असतात. पाटी हवेत उडते आणि तो तरुण उडी मारून एका लाथेत तिचे तुकडे करतो.

हा तरुण म्हणजे ब्रूस ली आणि चित्रपट १९७२चा ‘फिस्ट ऑफ फ्युरी’. आपल्याकडे व्हिडिओ कॅसेटच्या काळात ज्यांनी तो पाहिला, त्यांना ती लाथ हमखास आठवते. लाथेला लागतो एक क्षण. तिच्या आधीचा पहारेकरी, ती बाई, तिचं कुत्रं आणि जपान्याचं ते वाक्य यांना मात्र चांगला वेळ दिला आहे. लाथ बसते तेव्हा प्रेक्षक खुर्चीतून उठतो तो त्या तयारीमुळे. असा अपमान नीट रचणं हा एका माणसाचा रोजचा धंदा होता. त्यांचं नाव नी क्वांग. या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत लेखक म्हणून दिग्दर्शक लो वेई यांचं नाव आहे, पण नायक चेन झेन हे पात्र नी क्वांग यांच्या डोक्यातून आलं, हे आता सर्वमान्य आहे.

चेन झेन हा कधीच नव्हता. त्याचे गुरू हुओ युआनज्या मात्र खरे. शांघायच्या जिंगवू या व्यायामसंस्थेशी जोडलेले हे नामवंत मल्ल १९१०मध्ये वारले आणि त्यांच्यावर जपान्यांनी विषप्रयोग केला, अशी वदंता तेव्हापासून आहे. नी क्वांग यांनी ही वदंता उचलली आणि तिच्या पोटी एक शिष्य जन्माला घातला. गुरूच्या अंत्यविधीला तो भर पावसात पोहोचतो आणि खड्ड्यातल्या शवपेटीवर झेप घेतो. तेव्हापासून चिनी पडद्यावर हा शिष्य काही मरायला तयार नाही. १९९४मध्ये जेट लीने त्याला ‘फिस्ट ऑफ लेजंड’मध्ये उभा केला, डॉनी येनने १९९५मध्ये दूरदर्शन मालिकेत आणि पुन्हा २०१०मध्ये चित्रपटात. चेन झेन हा इतिहासातला माणूस आहे, असं मानणारे लोक चीनमध्ये आजही भेटतात. बागेच्या पाटीचीही तीच गत. शांघायच्या हुआंगपू बागेत चिनी लोकांना १९२८पर्यंत खरोखर प्रवेश नव्हता आणि कुत्र्यांनाही बंदी होती. मात्र नियमावलीत ही कलमं वेगवेगळी होती, चित्रपटातली एका वाक्याची पाटी नव्हे. लोकांच्या लक्षात राहिली ती चित्रपटातली पाटी.

ज्याने इतके सूड लिहिले त्याचं स्वतःचं आयुष्य फारसं वीररसाचं नव्हतं. १९३५मध्ये शांघायला त्यांचा जन्म झाला. १९५१मध्ये, वयाच्या सोळाव्या वर्षी, शाळा सोडून ते नव्या साम्यवादी राजवटीच्या सेवेत शिरले आणि सार्वजनिक सुरक्षा खात्यात लागले. पुढे त्यांची रवानगी इनर मंगोलियाच्या ओसाड माळावर झाली. तिथला एक हिवाळा त्यांना भोवला. बर्फामुळे कोळसा पोहोचेना. गारठून मरायची पाळी आली, तेव्हा त्यांनी आणि सोबत्यांनी एक छोटा लाकडी पूल मोडून शेकोटीला लावला. उन्हाळ्यात पुन्हा बांधू, असा त्यांचा हिशेब. वरिष्ठांनी त्याला दळणवळणावरचा घातपात ठरवलं आणि त्यांच्यावर क्रांतिविरोधी असल्याचा शिक्का बसला. त्या शिक्क्याचा अर्थ त्या काळात काय होत असे, हे त्यांनी स्वतः त्याच खात्यात राहून पाहिलं होतं. ते घोड्यावर बसून पळाले, लपतछपत शांघाय गाठलं आणि १९५७मध्ये बोटीतून चोरून हाँगकाँगला उतरले. हाताशी शिक्षण नाही, भांडवल नाही, तिथली कँटोनीज बोलीही धड येत नाही. सुरुवातीला कारखान्यात मजुरी केली.

लेखक होण्याची गोष्ट तर अगदीच साधी आहे. वर्तमानपत्रात छापून येणाऱ्या कथा वाचून त्यांना वाटलं, हे आपल्यालाही जमेल. चीनमधल्या जमीनसुधारणा मोहिमेत पाहिलेल्या गोष्टींवर त्यांनी एक कथा लिहून धाडली. ती छापून आली आणि वर पैसे मिळाले. मजुरीच्या मानाने ते पैसे घसघशीत होते. हा हिशेब एकदा जमल्यावर त्यांनी मागे वळून पाहिलं नाही.

पन्नास-साठच्या दशकातलं हाँगकाँग म्हणजे वर्तमानपत्रांचं शहर. प्रत्येक पत्राच्या आतल्या पानावर चार-पाच कादंबऱ्या रोज थोड्याथोड्या छापून येत आणि वाचक बातम्यांआधी ते पान उघडत. एखादा लेखक आजारी पडला, गावाला गेला किंवा पैशावरून रुसला, तर उद्याचा हप्ता कुणीतरी लिहावाच लागे. नी क्वांग अशा रिकाम्या जागा भरू लागले. बदली लेखकाचं काम म्हणजे दुसऱ्याची पात्रं, दुसऱ्याचे गुंते आणि मुदत आज संध्याकाळची. पटकथालेखनासाठी याहून कडक तालीम कुठल्या शाळेत मिळाली असती, मला सुचत नाही.

यातली सगळ्यात गाजलेली बदली १९६५ची. ‘मिंग पाओ’ या पत्राचे संस्थापक आणि चिनी युद्धकथांचे सम्राट जिन योंग यांना परदेशी जायचं होतं आणि त्यांची एक प्रचंड कादंबरी हप्त्याहप्त्याने चालू होती. त्यांनी ती नी क्वांग यांच्या हवाली केली. अट एकच, कुणाला मारायचं नाही. नी क्वांग यांना त्यातली आ-झी नावाची खाष्ट पोरगी मुळीच आवडत नसे. त्यांनी तिला मारलं नाही, फक्त आंधळं केलं. परत आलेल्या जिन योंग यांना ही आंधळी पोरगी निस्तरावी लागली. पुस्तकाच्या पुढच्या आवृत्तीत त्यांनी बदली मजकूर काढून टाकला, पण तिचं आंधळेपण मात्र ठेवलं. कारण त्यावर त्यांनी स्वतः पुढे अख्खं कथानक उभं केलं होतं.

‘मिंग पाओ’मध्येच १९६३पासून नी क्वांग यांची स्वतःची मालिका सुरू झाली होती. तिचा नायक वायझली परग्रहवासी, शाप, हरवलेल्या संस्कृती असल्या भानगडींत सतत गुंतलेला असे. ती मालिका दीडशेच्या आसपास पुस्तकांपर्यंत गेली. आपल्याकडे बाबूराव अर्नाळकरांचा झुंजार आणि काळा पहाड वाचत मोठ्या झालेल्या पिढीला हे प्रकरण लगेच कळेल. तोच झपाटा, तसेच पुस्तकांवर तुटून पडणारे वाचक आणि समीक्षकांचं तसंच नाक मुरडणं.

चित्रपटात त्यांना ओढलं चांग चेह या दिग्दर्शकाने. हाँगकाँगच्या क्लिअरवॉटर बे भागात शॉ ब्रदर्सचा अवाढव्य स्टुडिओ होता. तिथे डोंगरउतारावर कायमची उभी असलेली जुनी चिनी गावं, देवळं, पूल आणि खानावळी होत्या आणि कलाकार-कामगारांची राहायची सोयही आवारातच होती. आधी समीक्षक असलेल्या चांग चेह यांना तोवरचा गाणी-बजावणीचा, नायिकाप्रधान चिनी चित्रपट बदलायचा होता. रक्त सांडणारा पुरुष नायक त्यांना हवा होता आणि तो लिहिणारा माणूसही. १९६७मध्ये दोघांचा ‘वन-आर्म्ड स्वोर्ड्समन’ आला. हाँगकाँगच्या बाजारात दहा लाख हाँगकाँग डॉलरची कमाई करणारा तो पहिला स्थानिक चित्रपट.

याची पटकथा जरा उलगडून पाहण्यासारखी आहे. एक नोकर मालकाचा जीव वाचवताना मरतो. मालक मोठा तलवारबहाद्दर. तो नोकराच्या मुलाला, फांग गांगला, शिष्य करून घेतो. बरोबरीचे श्रीमंत शिष्य त्याला नोकराचं पोर म्हणून हिणवतात आणि गुरूची लाडावलेली मुलगी त्याच्या दुर्लक्षाने चिडते. एका बर्फाळ रात्री रागाच्या भरात ती त्याचा उजवा हात खांद्यापासून तोडते. तो पुलावरून खाली पडतो तो थेट एका शेतकरी मुलीच्या होडीत. तिच्याकडे तिच्या मृत बापाचं अर्धवट जळालेलं तलवारविद्येचं पुस्तक आहे. शिल्लक राहिलेली पानं आहेत डाव्या हाताच्या डावांची. स्वतःच्या बापाची तुटकी, आखूड तलवार फांग गांगपाशी आहेच. आता खलनायकाकडे या. गुरूच्या घराण्याच्या लांब तलवारी पकडून अडकवून टाकणारं एक हत्यार त्याने शोधून काढलेलं असतं. त्या हत्यारापुढे एकेक शिष्य कापला जातो. आखूड तलवार मात्र त्यात अडकत नाही.

म्हणजे नायकाचं प्रत्येक उणेपण शेवटी नेमकं उपयोगी पडतं आणि तसं ते पडणार याची तयारी पहिल्या रिळापासून चालू असते. गुरूची मुलगी हात तोडते, तरी नायकाच्या मनातलं गुरूचं ऋण तुटत नाही. सूड घ्यायचा तो गुरूच्या शत्रूवर आणि तेवढं झालं की तलवार टाकून शेती करायला जायचं. एकहाती वीराची कल्पना जिन योंग यांच्या एका कादंबरीवरून सुचली, असं अनेक जण म्हणतात आणि ते खरंच वाटतं. पण त्या हाताच्या अवतीभोवतीचं सुतारकाम नी क्वांग आणि चांग चेह यांचं आहे, आणि सांधा कुठे दिसत नाही.

यानंतरच्या पंधरा-वीस वर्षांत त्यांच्या नावावर तीनशेच्या आसपास पटकथा जमा झाल्या. आकडा ऐकून संशय येतो, पण त्या काळच्या हाँगकाँगमधली कामाची पद्धत पाहिली की तो पटतो. पटकथा त्रोटक असे. मारामारी कशी करायची हे लेखक लिहीत नसे. ‘इथे दोघे भिडतात’ एवढ्यावर त्याचं काम संपे. पुढचं काम तांग च्या आणि लाउ कार-लिउंग यांच्यासारखे युद्धदिग्दर्शक सेटवर उभे राहून बसवत. लेखकाने द्यायचं ते एवढंच: कोण कुणाशी लढतोय, कुणाचं कुणाला काय देणं आहे, आणि या लढाईनंतर माघार का घेता येणार नाही. नी क्वांग यांच्या वेगाबद्दल त्यांचा स्वतःचा दावा होता की भरात असताना आपण तासाला साडेचार हजार चिनी अक्षरं लिहितो. शिवाय पैसे आधी, लिखाण मग, आणि एकदा दिलेलं बदलून मिळणार नाही, असा त्यांचा खाक्या होता. दिग्दर्शकाला बदल हवे असतील तर त्याने ते स्वतः करावेत. ‘फिस्ट ऑफ फ्युरी’वर आपलं नाव नसल्याचं त्यांना फारसं दुःख का झालं नसावं, हे यावरून कळतं. योगायोग असा की त्याच सुमारास मुंबईत सलीम-जावेद ‘जंजीर’च्या पोस्टरवर रंगारी लावून स्वतःची नावं रंगवून घेत होते. लेखकांच्या या दोन तऱ्हा. मला मुंबईची तऱ्हा अधिक न्याय्य वाटते, पण हाँगकाँगच्या तऱ्हेत झोप शांत लागत असणार.

इतक्या ढिगात भुसा नसेल तरच नवल. पुष्कळ पटकथा एकमेकींच्या चुलतबहिणी आहेत. पण १९७८ हे एकच वर्ष घ्या. चांग चेह यांचा ‘फाइव्ह व्हेनम्स’ त्या वर्षीचा. मरणासन्न गुरू शेवटच्या शिष्याला सांगतो की माझे पाच जुने शिष्य शहरात नावं बदलून राहताहेत. घोण, साप, विंचू, पाल आणि बेडूक या पाच शैलींपैकी एकेक प्रत्येकाला येते. शिकताना सगळे मुखवटे घालत, त्यामुळे काहींनी एकमेकांचे चेहरेही पाहिलेले नाहीत. त्यातले दुष्ट कोण, ते शोध आणि त्यांना संपव. ही उघडउघड रहस्यकथा आहे. फरक एवढाच की इथे गुन्हेगार ओळखायचा तो त्याच्या लढण्याच्या ढंगावरून. वर्तमानपत्री हप्ते लिहून तयार झालेला हातच असली कल्पना लढवू शकतो.

त्याच वर्षीचा ‘द थर्टी-सिक्स्थ चेंबर ऑफ शाओलिन’ मला त्यांच्या कामातला सर्वोत्तम वाटतो. इथे दिग्दर्शक लाउ कार-लिउंग, म्हणजे स्वतः जातिवंत युद्धकलावंत. मांचू सत्तेने घरदार उद्ध्वस्त केलेला एक विद्यार्थी शाओलिन मठात आश्रय घेतो. मठात शिक्षणाच्या पस्तीस खोल्या आहेत. जेवणाच्या दालनात जायचं तर पाण्यावर तरंगणाऱ्या ओंडक्यांवर पाय देऊन पलीकडे पोहोचायचं, बुडाला तो ओल्या कपड्यांनिशी उशिरा पोहोचणार. पाण्याच्या बादल्या दोन्ही हात ताठ पसरून उचलायच्या. दंडाला सुऱ्या बांधलेल्या आहेत, हात खाली आले की त्या बरगड्यांत घुसतात. एका टोकाला वजन असलेल्या लांब दांड्याने घंटा वाजवायची, ती मनगटाच्या बळासाठी. चित्रपटाचा मोठा मधला भाग फक्त या शिकण्याचा आहे. खलनायक पडद्यावर नाही, तरी कंटाळा येत नाही, कारण प्रत्येक खोलीत एक छोटं कोडं आहे आणि ते सुटल्याचा आनंद आहे.

आणि खरी हुशारी शेवटी आहे. नायक पस्तीस खोल्या संपवतो आणि छत्तिसावी मागतो. तिथे बाहेरच्या सामान्य लोकांना विद्या शिकवायची. मठाच्या नियमात हे बसत नाही. मठाधिपती त्याला शिक्षा म्हणून मठाबाहेर घालवतात, आणि ही शिक्षा म्हणजेच परवानगी असते. अमेरिकेत कृष्णवर्णीय तरुणांनी हा चित्रपट इतका मनावर घेतला की न्यूयॉर्कच्या वू-टँग क्लॅन या रॅप गटाने १९९३च्या आपल्या पहिल्या अल्बमच्या नावात या खोल्या घातल्या.

याच काळात त्यांनी मारामारीच्या बाहेरची कामंही उरकली. ‘सुपर इन्फ्रा-मॅन’ या १९७५च्या चित्रपटात यंत्रमानव आणि राक्षस आहेत. १९७७च्या ‘द मायटी पेकिंग मॅन’मध्ये हिमालयातून एक महाकाय वानर पकडून हाँगकाँगला आणतात. त्याचं बरंच चित्रीकरण भारतात झालं. पाहताना हसू येतं, पण मनापासून पाहवतो.

१९८४चा ‘एट डायग्राम पोल फायटर’ हा शॉ स्टुडिओच्या मावळतीचा चित्रपट आणि त्यांच्या शेवटच्या मोठ्या कामांपैकी एक. विश्वासघाताने कापल्या गेलेल्या यांग घराण्यातले दोन भाऊ वाचतात. एक भिक्षू होऊ पाहतो, दुसरा वेडा होऊन घरी परततो. वेड्या भावाचं काम करणारा अलेक्झांडर फू शेंग जुलै १९८३मध्ये, चित्रीकरण चालू असतानाच, मोटार अपघातात गेला. कथा बदलावी लागली आणि त्याच्या जागी बहीण भावाच्या शोधात निघते. चित्रपटात ती ठिगळाची जागा कळते. तरीही ज्याला शांती हवी त्याला मठ आत घेत नाही आणि तोच मठ शेवटी काठ्या घेऊन शत्रूचे दात पाडायला बाहेर येतो, ही गोष्ट जखमी असूनही उभी राहते.

पुढच्या काही वर्षांत शॉ ब्रदर्सने चित्रपटनिर्मिती जवळजवळ थांबवली. नव्या चित्रपटांत शहर, पोलीस आणि पिस्तुलं आली. पटकथांची मागणी घटली, तेव्हा नी क्वांग पडद्याच्या दुसऱ्या बाजूला दिसू लागले. त्यांनी काही छोट्या भूमिका केल्या. लाथा-बुक्क्या खाणाऱ्या नव्हेत, तर बोलणाऱ्या. १९८६च्या ‘द सेव्हन्थ कर्स’मध्ये ते चक्क नी क्वांग म्हणूनच येतात. मेजवानीत लोक भोवती जमलेत आणि लेखक महाशय आपल्याच नायकांची गोष्ट रंगवून सांगताहेत. त्याच चित्रपटात वायझलीच्या भूमिकेत तोंडात पाइप धरलेला चाउ युन-फॅट आहे. अभिनेता म्हणून नी क्वांग मोठे होते असं कुणी म्हणणार नाही. पण स्थूल देह, चष्मा आणि बोलण्याचा अखंड ओघ यांमुळे हा माणूस कॅमेऱ्याला आवडायचा.

त्यांचा खरा अभिनय झाला तो दूरदर्शनवर, १९८९-९०मध्ये. गीतकार जेम्स वाँग आणि निर्माता-खाद्यलेखक चुआ लाम यांच्या जोडीने त्यांनी रात्री उशिरा लागणारा गप्पांचा कार्यक्रम केला. तिघे पाहुण्यांसमोर पीत, सिगारेटी ओढत आणि चाउ युन-फॅट, लेस्ली चुंग यांच्यासारख्या ताऱ्यांना एरवी कुणी विचारणार नाही असे प्रश्न विचारत. आज एवढं मोकळं बोलणं कुठलीही वाहिनी खपवून घेणार नाही. ज्या शहरात ते लपून आले होते, तिथे ते आता बाजारात ओळखले जाणारे गृहस्थ झाले होते.

साम्यवादी राजवटीबद्दलचा त्यांचा राग मात्र तसूभरही कमी झाला नाही. १९८३च्या एका वायझली कादंबरीत त्यांनी पूर्वेकडचं एक मोठं शहर नष्ट होणार असं भाकीत केलं. भूकंप नाही, बॉम्ब नाही. इमारती जागच्या जागी राहतील, शहराला मोठं करणारे गुण तेवढे काढून घेतले जातील. १९९७मध्ये हाँगकाँग चीनकडे जाण्याआधीच, १९९२मध्ये, ते सॅन फ्रान्सिस्कोला निघून गेले आणि २००६मध्ये हाँगकाँगला परतले. २०१९च्या आंदोलनानंतर तिथल्या तरुणांनी ती जुनी कादंबरी पुन्हा शोधून काढून वाचली.

लिहिणं त्यांनी त्याआधीच थांबवलं होतं. आपल्या वाट्याची अक्षरं लिहून संपली, असं ते सांगत. २०१२मध्ये हाँगकाँग चित्रपट पुरस्कारांत त्यांना जीवनगौरव मिळाला. ३ जुलै २०२२ रोजी, ८७व्या वर्षी, त्यांचं निधन झालं.

ज्यांनी या प्रकारचे चित्रपट केवळ मारामारीसाठी पाहिले किंवा त्याच कारणाने टाळले, त्या दोघांनाही माझी एक शिफारस आहे. आधी ‘वन-आर्म्ड स्वोर्ड्समन’ पाहा, मग ‘थर्टी-सिक्स्थ चेंबर’ आणि शेवटी ‘पोल फायटर’. आणि पहिली लढाई सुरू होण्याआधीचा भाग पुढे ढकलू नका. नी क्वांग यांचं काम तिथे आहे.